मुलाला शेजारी म्हटल्याबद्दल

मी, सुनंदा मोरेश्वर चुरी, वय अडुसष्ट, धंदा वाडी-बागायत, राहणार पापडी, वसई, जिल्हा पालघर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. कोणी धाक घातलेला नाही, कोणी गळ घातलेली नाही. माझे दुखणे स्तनातून यकृतात उतरले आहे, डोक्यात शिरलेले नाही, त्यामुळे काय लिहिते आहे ते मला नीट कळते. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. एक प्रतिज्ञापत्र मात्र केले होते आणि त्यात खोटे लिहिले होते.

आमची वकील हेमांगी हिने मला दीड पानाचा मसुदा टाइप करून दिला होता. चांगला होता, पण त्यात मी कुठे सापडेना. म्हणून कलमांचा क्रम तिचा ठेवला आणि मजकूर माझा घातला. मी जुनी अकरावी पास आहे.

कलम १. मला एकच अपत्य, मुलगा दिनानाथ. त्याची पत्नी विनया, आणि त्यांची मुलगी ज्ञानदा. हे तिघे माझे कुटुंब आहे. माझ्या रेशन कार्डावर माझे एकटीचे नाव आहे, त्याखाली कोणी नाही. ते कार्ड पाहून मला कोणी निराधार समजू नये. माझे नाव पुन्हा दिनानाथच्या कार्डावर चढवण्यासाठी अर्ज दिला आहे. कार्ड आधी येते की मी आधी जाते ते पाहायचे.

कलम २. राहते घर माझ्या यजमानांनी माझ्या नावे केले होते. ते दिनानाथ आणि विनया यांना निम्मे निम्मे द्यावे. विनयाचे नाव मुद्दाम घातले आहे, तिने नको म्हटले तरी राहू द्यावे. घरामागे वाडीत पंपाची खोली आहे, तिथे मी दीड वर्षाहून जास्त राहिले. माझ्यामागे ती पाडून टाकावी. पंपाला पत्र्याची शेड पुरते.

कलम ३. त्या खोलीत मी कशी गेले ते लिहिते, कारण गावात वेगळेच बोलले जाते.

गाठ कळली तेव्हा दिनानाथचा सातिवलीतला गाळा जेमतेम चालला होता. बाटल्यांची झाकणे करणारे एक मशीन, तेही हप्त्यावर, आणि दोन कामगार. पण कागदावर उत्पन्न बरे आणि दारात टेम्पो, म्हणून आमचे कार्ड पांढरे. त्या वेळी आमच्याकडे सरकारी आरोग्य योजना पिवळ्या आणि केशरी कार्डालाच मिळत असे. त्यांना ऑपरेशन, केमो सारे मोफत, आणि आम्ही उंबऱ्याबाहेर. दिनानाथ म्हणाला, "आई, मशीन विकतो." मी म्हटले, "मशीन विकून खाशील काय, माझी गाठ?" असे बोलायची मला खोड आहे.

मार्ग मी शोधला, दिनानाथने नव्हे. ओळखीतून एक दलाल भेटला. तो म्हणाला, "आजींचं नाव कमी करा, एकटीचं केशरी कार्ड काढा. पण चूल वेगळी दिसली पाहिजे, बघायला येतात." मी प्रतिज्ञापत्र केले की मी वाडीत वेगळी राहते आणि मुलगा मला सांभाळत नाही. दिनानाथ शेजारीच उभा होता. वाचून एवढेच म्हणाला, "वेगळी राहते, एवढ्यावर नाय का भागत?" दलाल म्हणाला, "जोर पाहिजे." मी सही ठोकली. मशीन वाचले आणि पोराची अब्रू गेली.

खोलीत शेगडी मांडली. बघायला एकदाच कोणी आले, तेही उभ्या उभ्या. मी मात्र तिथेच राहिले, न जाणो पुन्हा कोणी आले तर. विनया डबा आणून देई तो केळीच्या पानाखाली झाकून, चोरीचा माल असावा तसा.

कलम ४. हे कलम लिहिताना मी दोनदा पेन खाली ठेवले.

मुंबईच्या ज्या रुग्णालयात माझे उपचार झाले, तिथे उन्नती नावाची मुलगी आरोग्यमित्र होती. योजनेतल्या रुग्णांना कागदपत्रांत मदत करणे हे तिचे काम. तिने कार्ड पाहिले आणि सहज विचारले, "आजी, सोबत कोण आलंय?" प्रतिज्ञापत्रात मुलगा सांभाळत नाही, आणि तो मुलगा तर माझी पिशवी धरून पाठीशी उभा. मी म्हणाले, "शेजारी आहे."

मागे वळून बघायची माझी छाती झाली नाही.

त्या दिवसापासून दिनानाथ तिथे शेजारी झाला. नाते विचारतील तिथे तो आपल्या हाताने 'शेजारी' लिही. नर्ससमोर मला काकू म्हणे. "काकू, पानी देऊ?" पहिल्या केमोला मला उलटी झाली, भांडे सापडेना, तर त्याने दोन्ही हातांची ओंजळ पुढे केली. योजनेने माझे ऑपरेशन केले, केमो दिले, त्याबद्दल मी सरकारची ऋणी आहे. पण आधीच्या तपासण्या, बाहेरून आणायच्या काही गोळ्या, येणेजाणे, सोबतच्या माणसाचे जेवण, गाळ्यावरचा बुडालेला दिवस, हे आमच्या वेळी योजनेत बसले नाही. ते सगळे या शेजाऱ्याने भरले. मुलगा सांभाळत नाही असे लिहून दिलेल्या बाईला सांभाळत तोच होता.

शेवटच्या केमोला उन्नती मला बाजूला घेऊन म्हणाली, "आजी, मुलगा आहे म्हणाला असतात तरी चाललं असतं. कार्ड तुमचं एकटीचं आहे ना, सोबत कोण येतं ते कोण बघतंय? आणि मला पहिल्याच केमोला कळलं होतं. शेजारी कुणाची उलटी हातात झेलत नाही."

मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. कोणी मागितले नव्हते, तरी मी माझा मुलगा नाकारून मोकळी झाले होते.

पुढे एकदा घरच्या अंगणात, घाईगडबडीत, तो मला "काकू, जरा बाजूला हो" म्हणाला. दोघेही थबकलो. तो हसला. मला हसता आले नाही.

कलम ५. समोरच्या घरातले शत्रुघ्न भावोजी हे माझ्या यजमानांचे चुलत भाऊ आणि आमच्या ज्ञाती मंडळाचे चिटणीस. ज्या वर्षी मी पंपाच्या खोलीत गेले, त्या वर्षी गणपतीच्या तोंडावर त्यांनी मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर लिहिले, "जन्मदात्या आईला पंपाच्या खोलीत ठेवणारे कोणत्या तोंडाने बाप्पा आणतात?" नाव घेतले नाही. पंपाची खोली आळीत एकच आहे. खाली हात जोडलेल्या चित्रांची रांग लागली. दिनानाथने वाचले आणि फोन पालथा ठेवला. त्या वर्षी आमच्याकडे आरतीला बाहेरचे कोणी आले नाही.

मला फक्त रस्ता ओलांडून जायचे होते आणि खरे सांगायचे होते. गेले नाही. माझे केमो अजून संपले नव्हते.

ते संपल्यावर तरी जायचे होते. तेव्हाही गेले नाही, आणि त्याचे कारण याहून वाईट आहे. बायका माझ्यासाठी वाटीतून काहीबाही आणत, खोलीच्या पायरीवर बसत, "काय गं बाई एकेकाचं नशीब" म्हणत. सारा जन्म मी वाडीत राबले, बाजारात बसले, माझी चौकशी कोणी कधी केली नव्हती. ती कीव मला गोड लागू लागली. पोराच्या बदनामीवर मी लाड करून घेतले. हे वाक्य हेमांगीने खोडायला सांगितले होते. खोडत नाही.

मग योजना पांढऱ्या कार्डालाही लागू झाली. ज्ञानदाने मोबाइलवरची बातमी वाचून दाखवली, "आजी, आता सगळ्यांना!" मला आनंदाऐवजी घाम फुटला. आता खोलीत राहायला कारणच उरले नव्हते. तरी राहिले, कारण घरात परत जायचे तर लोकांना काय सांगायचे? दुखणे उलटले तेव्हा विनया आली, माझी गादी उचलली आणि चालू लागली. गाव म्हणाले, मरायला टेकली तेव्हा आणली घरात.

कलम ६. वाडी, विहीर, केळी आणि मोगरा दिनानाथकडे. कोयता आणि विळी विनयाकडे, तिचा हात माझ्यासारखाच चालतो. शत्रुघ्न भावोजींच्या मोगऱ्याला आपल्या विहिरीचे पाणी जाते, ते पूर्वीप्रमाणे जाऊ द्यावे. पाणी तोडून सूड उगवला तर मोगरा मरेल, भावोजी नाही. पाटल्या ज्ञानदाला, लग्नाची वाट न पाहता. वसईच्या बाजारात तीस वर्षे माझ्या बाजूला बसलेली मैत्रीण प्रिस्का हिला माझा तराजू. साक्षीदाराला काही ठेवू नये असे हेमांगी म्हणते, म्हणून तो आजच तिच्या हातात दिला आहे.

कलम ७. हेमांगीचे म्हणणे, "काकू, कलम तीन-चार काढाच. उद्या योजनेचे पैसे परत मागितले तर दिनानाथदादांना त्रास." तिचे म्हणणे बरोबर आहे. म्हणून बँकेतली माझी ठेव माझ्यामागे एक वर्ष कोणी मोडू नये. सरकारने मागितले तर त्यातून द्यावे, दिनानाथच्या गाळ्याला हात लागू नये. कोणी मागितले नाही तर ती रक्कम, बाहेरगावाहून केमोला येणाऱ्या रुग्णांच्या सोबत्यांच्या जेवणाखाणाला आणि गाडीभाड्याला द्यावी. रुग्णाची सोय होते, सोबतचा माणूस वडापाव खाऊन दिवस काढतो, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे.

कलम ८. शत्रुघ्न भावोजींना साक्षीदार मुद्दाम केले आहे. संध्याकाळी त्यांच्या कानावर पडले की सकाळी आळीला ठाऊक. ही खोड एकदा तरी सत्कारणी लागावी. मात्र त्यांनी आज फक्त सही करावी. कलम तीन ते पाच माझ्या बाराव्याला सर्वांसमोर मोठ्याने वाचावीत. मी असेपर्यंत नको. माझ्याने लोकांच्या तोंडाकडे बघवणार नाही.

कलम ९. वरचे कलम रद्द. का ते लिहिते. आता सगळे समोर बसले आहेत आणि मी लिहीत आहे.

मी शुद्धीत असल्याचा दाखला द्यायला डॉ. मितेश घरी आले. ते इकडे नवीन, आम्हाला कोणाला ओळखत नाहीत. प्रिस्का चर्चमधल्या मिस्साहून थेट आली होती, भावोजी खुर्चीवर पेन काढून तयार. डॉक्टरांनी विचारले, "आजी, आज वार कोणता?" मी म्हटले, "रविवार." "पंधरातून सात गेले?" "आठ." दिनानाथ माझ्या पाठीशी उशी लावत होता. डॉक्टरांनी त्याच्याकडे बोट केले, "आणि हे कोण?"

मी तोंड उघडायच्या आत दिनानाथ म्हणाला, "मी शेजारी."

मुद्दाम नाही म्हणाला. गळ्यात स्टेथोस्कोप दिसला आणि जिभेवरून सुटले. सुटल्यावर त्याचे त्यालाच कळले आणि तो पांढराफटक पडला. भावोजींनी मान वर केली.

डॉक्टर म्हणाले, "तुम्ही नका सांगू. त्यांना सांगू दे."

मी म्हणाले, "डॉक्टर, हा माझा मुलगा. खोटं बोलतोय तो. मीच शिकवलंय त्याला."

विनया रडू लागली. मग मी कलम तीन, चार आणि पाच माझ्या तोंडाने वाचून दाखवली. कीव गोड लागली, तेही वाचले. प्रिस्का म्हणाली, "सुनंदा, मना तरी सांगायचं व्हतं गं." भावोजींनी खिशातून फोन काढला, हातात फिरवला, पण उघडला नाही. म्हणाले, "वहिनी, आता ग्रुपवर मी काय लिहू?"

मी म्हटले, "तेव्हा नाव न घेता लिहिलंत. आता नाव घेऊन लिहा."

उशी लावायची राहिली होती, ती दिनानाथने लावली.

येणेप्रमाणे लिहिले ते सर्व माझे आहे, त्यातली लाजही माझीच आहे, ती कोणाला वारसाने जात नाही.

ठिकाण : पापडी, वसई
दिनांक : ९ नोव्हेंबर २०२५, रविवार

सही : सुनंदा मोरेश्वर चुरी

साक्षीदार, ज्यांच्यासमोर वरील सही झाली :
१. शत्रुघ्न पांडुरंग चुरी. (वाचून दाखवलेले सर्व ऐकले.)
२. प्रिस्का आंतोन डाबरे

वैद्यकीय दाखला : मी श्रीमती सुनंदा चुरी यांना आज त्यांच्या राहत्या घरी तपासले. त्यांना दिवसाचे व ठिकाणाचे पूर्ण भान आहे. समोरच्या व्यक्तीची ओळख विचारली असता, त्या व्यक्तीने स्वतःबद्दल दिलेली चुकीची माहिती त्यांनी दुरुस्त केली. त्या पूर्ण शुद्धीत आहेत.
डॉ. मितेश वाझे