आयुधपूजेच्या संध्याकाळची सही

मद्रास, २ मार्च १९९१

ति. अक्कास,
सा. न. वि. वि.

बाळाला दात आल्याचं वाचून बरं वाटलं. इथलं मात्र चांगलं लिहिण्यासारखं नाही.

मामांच्या जॉर्ज टाउनमधल्या कागदाच्या दुकानातून माल पुरवणाऱ्या नारायणस्वामींना दोन चेक दिले होते. दोन्ही वटले नाहीत. खात्यात काही नव्हतं. त्यांच्या वकिलाची नोटीस आली, ती माझ्या नावानं. तुला माहीत आहे, मामांनी मला मुखत्यारपत्र दिलं होतं. सही मी करायचो आणि वर ‘मालकांकरिता’ असा रबरी शिक्का मारायचो. शिक्क्याशिवाय एकही चेक गेला नव्हता. हे दोन गेले.

आयुधपूजेची संध्याकाळ होती. शिक्का, वह्या, पेनं, सगळं हळदकुंकू लावून सरस्वतीपुढे मांडलेलं. चेकबुक तेवढं कपाटात राहिलं होतं. नारायणस्वामी प्रसादाचं हरभऱ्याचं सुंडल खात बसले होते. त्यांना पुढच्या तारखांचे चेक तेव्हाच हवे होते. मी शिक्क्याकडे हात नेला तर मामा ओरडले, की पूजेतलं आयुध उचलतोस, अक्कल आहे का. बँक तुझी सही ओळखते, म्हणाले. पेनसुद्धा नारायणस्वामींचंच घेतलं.

व्यासराज वकील म्हणतात, दुसऱ्यासाठी सही करणाऱ्यानं तसं कागदावर दाखवलं नाही, तर कायदा त्यालाच धरतो. खातं माझं नाही म्हणून तुरुंग कदाचित टळेल, पैसे टळणार नाहीत. मामांनी लिहून दिलं, की सही दुकानासाठी, त्यांच्या सांगण्यावरून, नारायणस्वामींदेखत झाली, तर थोडी आशा आहे. पण मामा दुकानाला कुलूप लावून तंजावरला तुमच्या घरी येऊन बसलेत. तुझे ते सासरेही आहेत, म्हणून तुझ्याकडेच मागतो. दोन ओळी पुरेत.

बाळाला पापा. या भावावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझा,
व्यंकट

तंजावर, १४ मार्च १९९१

चि. व्यंकटास,
अ. उ. आ.

तुझं पत्र मामांना वाचून दाखवलं. त्यांनी कागद हातात घेऊन तुझं अक्षर पाहिलं. दहावीला गणितात गेला नसता तर कलेक्टर झाला असता, म्हणाले. चिडू नकोस, मायेनंच म्हणाले. मग भिंतीकडे तोंड करून निजले.

मी कागद-पेन पुढे ठेवलं. आज मंगळवार, म्हणाले. बुधवारी ठेवलं तर राहुकाळ आहे म्हणाले. सासूबाईंनी स्वयंपाकघरात नेऊन विचारलं, की तू या घरची सून की व्यंकटची वकील. यांचं म्हणणं, बाबांनी एक ओळ लिहिली की हे घर जाईल, मग बाळाला कुठे निजवशील? व्यंकटच्या नावावर आहे काय, एक सायकल, ती कोण नेणार, असंही म्हणाले आणि हसले. मी हसले नाही. पण उत्तरही दिलं नाही, तेही तुला कळू दे.

मामांनी अखेर लिहिलं, ते सोबत पाठवते. आशेनं उघडू नकोस. आशीर्वाद आहे, आणि वेळेवर जेवत जा असं आहे. खाली सही नाही.

माझ्यावर राग धर, पण लिहिणं थांबवू नकोस.

तुझी,
विशालाक्षीअक्का

मद्रास, २० जुलै १९९१

ति. अक्कास,
सा. न. वि. वि.

राग नाही. उशीर झाला, कारण लिहिण्यासारखं काही ठरत नव्हतं.

व्यासराजांनी विचारलं, मामांना साक्षीला बोलवायचं का. समन्स घेऊन माणूस तुझ्याच दारात आला असता, आणि दार तूच उघडलं असतंस. नको म्हणालो. ते म्हणाले, मग हातात काही उरत नाही. मला ते माहीत होतं.

नारायणस्वामींनी कोर्टाबाहेर कॉफी पाजली. धाकट्या भावासारखं ‘तंबी’ म्हणून हाक मारली. सुंडल मी विसरलो नाही, म्हणाले, पण कागदावर तू एकटाच आहेस, मी कुणाला धरू? कॉफी प्यालो.

तडजोड झाली. अंबत्तूरच्या कारखान्यात स्टोअरमध्ये लागलो आहे. पैसे फिटेपर्यंत निम्मा पगार नारायणस्वामींकडे जाईल. दहावीला पुन्हा बसायचं राहूनच गेलं. भावजींना सांग, सायकल नेणारा मिळाला.

तडजोडीच्या कागदावर सही केली आणि हात सवयीनं उजवीकडे गेला, दुकानात शिक्का असायचा तिथे. वकिलांनी विचारलं, काय शोधतोस. काही नाही, म्हणालो.

मामांना नमस्कार, आणि वेळेवर जेवतो म्हणावं. बाळ बोलायला लागलं की माझं नाव शिकव.

तुझा,
व्यंकट