अप्पांचा मऊ भात

मंगळवार, संध्याकाळ

आठवड्यापूर्वी चिऊला पहिल्यांदा मऊ भात भरवला. मुगाची डाळ आणि तांदूळ शिजवून, घोटून, वर थोडं तूप. निम्मा हनुवटीवरच गेला. तेव्हापासून तोच भात सासऱ्यांना, अप्पांनाही. अर्धांगवायूनंतर त्यांना चावता येत नाही. पण हल्ली ते घासाला तोंडच मिटून घेतात. सुनेच्या हातून खायची लाज वाटते का? विचारायचं तरी कसं?

आज चिऊकडे बघत अडखळत म्हणाले, "तिच्या... भातात... मीठ?"

"नाही अप्पा. बाळांना घालत नाहीत."

"मला... घाल."

मीठ घालून कालवलं. त्यांनी तोंड उघडलं, सगळा भात संपवला.

उभा जन्म लालबागच्या बाजारातलं खारं सुकट खाल्लेला माणूस. आणि मी त्यांना बाळासारखं अळणी भरवत होते.