कॉमन फाइल आणि नावापुढचं श्री

५ जानेवारी १९८७, सोमवार
जळकोटला एसटी भरूनच आली, तरी बसायला जागा मिळाली. कारखान्यावर पोचले तर कॉम्प्युटरच्या खोलीला मानेसाहेबांनी नवं कुलूप घातलेलं, आणि किल्ली माझ्या हातात! शेतकी अधिकारी माणूस, ऊसतोडीच्या पाळ्या लावण्यात केस पिकले, मशीनला अजून "तुमचं ते खोकं" म्हणतात. पण किल्ली मला दिली. लई बरं वाटलं.

मशीन चाचणीवर आहे, चालवते मी. संचालक मंडळाला पटलं तर राहणार, आणि मी पण राहणार. नाही पटलं तर ते सोलापूरला परत आणि मी घरी. घरी म्हणजे काय, लोहाऱ्याचे पाहुणे बघून गेलेतच. त्यांना होकाराची घाई.

७ जाने.
फ्लॉपी भरत आली. काय पुसावं म्हणून बघत बसले. पाळीचा प्रोग्राम, वजनाचा, गाड्यांचा, हे तीन ठाऊक आहेत. चौथी एक फाइल, नाव कॉमन. चालवून बघितली तर काहीच होईना. बिनकामाची दिसते, टाकावी पुसून...

नशीब माझं, तेवढ्यात शेख सर सोलापूरहून आले. प्रोग्राम त्यांनीच लिहिलेत. दारातूनच ओरडले, "अरे बाप रे, उसकू हात नक्को लगाव!" मग चहा पिऊन नीट सांगितलं. नाव कसं लिहायचं, तारीख कशी, कुठला नंबर कुठल्या गावाचा, हे तिन्ही प्रोग्रामांना लागतं. तिघांत तीनदा लिहिण्यापेक्षा एकदाच कॉमनमध्ये लिहिलंय. ज्याला लागेल तो तिथनं घेतो. ती एकटी चालत नाही. पण ती नसली तर तिघंही आडवे.

८ जाने.
भाकरी करता करता आईला सांगितलं. वाटलं, तिला काय कळणार. म्हणाली, "मंग आपल्या विहारातल्या भांड्यावानी हाय की." अगदी बरोबर! मोठी पातेली, कढया, पळ्या कुणीच घरात ठेवत नाही. वस्तीत कुणाचंही लग्न निघो, विहारातनं आणायची, घासून परत ठेवायची. सरांना सांगायलाच पाहिजे.

१२ जाने.
चेअरमन आले होते. उसाच्या वजनाची चिठ्ठी हातात घेऊन म्हणाले, "नुसतं नाव? सभासदाला मान नको? श्री लावा." मानेसाहेब मला म्हणाले, "आजच्या आज झालं पाहिजे."

शेख सर गुरुवारी येणार. तोवर कशाला थांबायचं? तीन ठिकाणी लावण्यापेक्षा कॉमनमध्येच एकदा लावलं. चटकन झालं. स्वतःवर भारी खूश आहे आज.

१३ जाने.
वजनकाट्यावर नुसतं कौतुक. इंग्रजी अक्षरांतलं असलं तरी श्री ते श्री. एक म्हातारबा चिठ्ठी दुसऱ्याकडनं वाचून घेत होते. मला म्हणाले, "पोरी, माझ्या नावाला श्री लागलं न्हवतं कधी." चिठ्ठी घडी करून टोपीत खोचली. माझ्याच डोळ्यांत पाणी आलं.

एक काकू मात्र तणतणत आल्या. "म्या बाई माणूस, मला श्री कशापायी?" त्यांचं खरंच होतं. मानेसाहेब खो खो हसले. दिवस छान गेला.

१४ जाने.
ऑफिसात तिळगूळ वाटून झाला आणि संक्रांत आली ती माझ्यावरच.

या आठवड्यातली पहिली पाळीची यादी काढली. कोरी. परत काढली. परत कोरी! एकाही शेतकऱ्याचं नाव नाही. बाहेर तोडीच्या टोळ्या कोयते घेऊन बसलेल्या, कुणाच्या फडात शिरायचं कळेना. विहिरी तळाला गेल्यात, ऊस उभ्या उभ्या वाळतोय, त्यात हे. मानेसाहेब लालबुंद. "घाला ते खोकं चुलीत! मंडळाला सांगतो, परत धाडा म्हणून." पाळ्या त्यांनी हातानंच लावल्या, टोळ्या गेल्या कशाबशा. मी कोपऱ्यात. जमिनीनं पोटात घ्यावं असं झालं.

सोलापूरला ट्रंक कॉल लागला एकदाचा. सरांचा पहिलाच प्रश्न, "कॉमनकू हात लगायी क्या?"
म्हणलं, व्हय.
पलीकडं नुसतं हसू. मला मेलं रडू येत होतं.

झालं होतं असं. पाळीचा प्रोग्राम कॉमनकडनं नाव घेतो आणि नोंदीत शोधतो. नोंदीत आहे गोविंद. कॉमन सांगणार श्री गोविंद. असा माणूसच सापडेना. कुणीच सापडेना.

१५ जाने.
आई काल म्हणाली ते सरांना सांगितलं. मागं एकानं आपल्या चुलीवर बसेना म्हणून विहारातल्या पातेल्याचं बूड ठोकून घेतलं. त्याचं लग्न झालं झोकात. पुढच्याच्या चुलीवर ते डुगडुगायला लागलं, सगळी आमटी राखेत. सर म्हणाले, "तेरी अम्मा को नौकरी पे रखना चाहिए."

मानेसाहेबांचं म्हणणं, तिघांना तीन कॉमन द्या, भानगडच नको. सरांनी समजावलं. फ्लॉपीत जागा नाही. शिवाय उद्या काही बदललं तर तीन ठिकाणी बदला, आणि एक विसरणार हे ठरलेलंच. मग असं केलं, साधं नाव होतं तसंच ठेवलं. मानाचं नाव कॉमनमध्येच, पण वेगळं. ते फक्त वजनाच्या चिठ्ठीनं घ्यायचं. बायकांना श्रीमती. आणि कॉमनला हात लागला की तिन्ही प्रोग्राम चालवून बघायचे, मगच चहा.

यादी आली. पहिलं नाव दिसलं आणि जिवात जीव आला.

२४ जाने.
सगळं सुरळीत. मानेसाहेब आज टोळीवाल्याला सांगत होते, "आपल्या मशीननं पाळी काढलीय." आपल्या! मी ऐकलं नाही असं दाखवलं. शुक्रवारी मंडळाची बैठक.

३० जाने., शुक्रवार
बैठकीत मला आत बोलावलं. इतके पटके एका खोलीत मी पहिल्यांदाच बघितले. मानेसाहेबांनी सांगितलं की काम चोख आहे, मशीन ठेवा. शपथ, त्यांनीच सांगितलं.

एक संचालक म्हणाले, "ते ठीक. पण सगळं या पोरीवर आलंय. उद्या ही सासरी गेली तर तुमची ती कॉमन फाइल सांभाळायची कुणी?"

सगळे माझ्याकडं बघायला लागले. तोंडातनं निघून गेलं, "दोघांना शिकवते की, साहेब. आणि सासर मी इथनं एसटी असलेल्या गावातलंच बघणार."

हशा झाला. एकटे चेअरमन हसले नाहीत. निर्णय पुढच्या बैठकीत.

घरी येऊन आईला जसंच्या तसं सांगितलं. वाटलं, एवढ्या माणसांत असं बोलते का म्हणून रागावणार. ती भाजी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "लोहाऱ्याहून कारखान्यावर एसटी किती वाजता हाय, इचार त्या पाव्हण्यांना."