सोवळ्यात परत गेलेली नोटीस

८ ऑक्टो.
आलं : गूळ २ किलो, २८ रु. फुलवाती, ४ रु. साबणाची वडी, ५ रु. आणि दुकानाच्या शटरवर डकवलेला एक सरकारी कागद, फुकट. मिट्टीतेलाचं लायसन रद्द. रॉकेलच्या ड्रमला सील. सगळ्या तात्यापारा मोहल्ल्यानं आमच्याआधी वाचला. हे जेवले नाहीत. पोथी घेऊन बसले, पान उलटलंच नाही.

९ ऑक्टो.
कागदात लिहिलंय, तपासणीत ४० लिटर तेल कमी भरलं, खुलासा मागितला, दिला नाही. कधी मागितला? कोणाला? तो ड्रम गळला होता. माझ्या वहीत तारखेसकट आहे. विचारलं असतं तर वही पुढे केली असती. विचारलंच नाही.
हे सारखे आत-बाहेर.
"काहून फिरून राहिले? बसा न."
"तू बस."

१२ ऑक्टो.
दोघं पुरवठा खात्याच्या ऑफिसात गेलो. आमचं शहर नव्या राज्याची राजधानी झाल्यापासून ते शंकर नगरात भाड्याच्या बंगल्यात आहे. अर्ध्या फाइली न्हाणीघरात रचलेल्या, नळाला दोरी बांधलेली. बाबू बरा होता. "नोटिस गई थी माताजी, आपके घर के पते पर. देखिए, लौट आई." रजिस्टर्ड लिफाफा, बंदच. वर पोस्टमनच्या अक्षरात : लेने से इनकार. "इनकार किया, मतलब मिल गई."
हे ओरडले, "झूठ! कोई आया ही नहीं!"
मी तारीख पाहिली. आमच्या महालक्ष्म्यांच्या जेवणाचा दिवस.
रिक्षात हे पोस्टमनचा उद्धार करत होते. 

१३ ऑक्टो.
आला होता पोस्टमन. मी सोवळ्यात, पुरण वाटत होते, नैवेद्य व्हायचा होता. हे दुकानात, पोट्टी कॉलेजात, नागपूरहून आलेली वहिनीही सोवळ्यातच. बाहेरचा कागद, बाहेरचा पेन, हात कसा लावायचा? आतूनच काहीतरी बोलले आणि त्याला घालवलं. मग सवाष्णींची पानं, आरती... विसरूनच गेले.
सकाळची पूजा झाल्यावर ह्यांना सांगितलं. दारापर्यंत जाऊन परत आले. मग, "एवढं सोवळं पाळून घरात आलं काय? सील."
देवी, मी तुझंच करत होते ना.

१७ ऑक्टो.
समता कॉलोनीत वकिलाकडे. आपल्यातलाच आहे, पण अर्धं हिंदीत बोलतो. "काकू, एकदम सोपं. पोस्टमन आया ही नहीं, बस. शपथपत्रावर सही करा."
हे माझ्याकडे पाहत राहिले.
मी म्हटलं, "आला होता."
त्यानं पेनाला टोपण लावलं. "मग काकू, केस तर तुम्हीच हरवली."
मी विचारलं, समोरच्याचं काही न ऐकता दुकान बंद करता येतं का? तो म्हणाला, "यही तो अपील में पूछना है. पण इनकार लिहिलंय ना. हां, तुम्ही 'उद्या आणा' म्हटलं असेल, तर तो इनकार नाही. त्यानं पुन्हा यायला पाहिजे होतं. म्हटलं ना उद्या आणा?"
"मले आठवत नाही."

१८ ऑक्टो.
जप दोनदा चुकला. 'नको' म्हटलं, का 'आता नको'? पुरणाचा वास आठवतो, पोस्टमनची खाकी पाठ आठवते, माझा आवाज तेवढा आठवत नाही.
हे आज नरम. चहा घेताना म्हणाले, "म्हटलंच असशील. तू त भाजीवालीलेही रोज उद्या ये म्हणतेस."
हसू आलं. पण 'म्हटलं असेल' यावर शपथ कशी घेऊ? आणि नाही घेतली तर ह्यांचं बावीस वर्षांचं दुकान...

१९ ऑक्टो.
ऐकणारं एकच माणूस होतं. नागपूरची वहिनी, दादाची बायको. महालक्ष्म्यांना आली होती, तीही सोवळ्यात, माझ्याशेजारी पोळ्या लाटत होती. फोनवरचं चालणार नाही, वकिलाला हातचं लिहिलेलं पाहिजे. पत्र टाकलं. इथे उतरवून ठेवते :

वहिनी, सा. न. त्या दिवशी पोस्टमन दारात आला तेव्हा मी काय बोलले, ते जसंच्या तसं लिहा. दादांना विचारून नाही, माझ्याकडे पाहूनही नाही. 'उद्या आणा' ऐकलं असेल तर तसं. नुसतं 'नको' ऐकलं असेल तर तेही तसंच. ते वाचल्याशिवाय मी सही करणार नाही, हे ह्यांना अजून सांगितलेलं नाही. २९ला अपिलाच्या सुनावणीची पेशी आहे. तिकीट लावलेला लिफाफा सोबत घातलाय. उलट टपाली कळवा.