न्हाणी घरात आली

घनसावंगी,
९ एप्रिल २०२५

चि. सौ. अर्पिता,

आईचा पोटभर आशीर्वाद, तुला अन् पोटातल्यालाही. इकडं आम्ही दोघं धडधाकट आहोत. म्हैस व्यायली, पारडी झाली. ऊन मात्र डोक्यात चढून राह्यलंय. जावईबापूंना नमस्कार सांग.

फोन सोडून चिठ्ठी का, म्हणशील. अगं, घरात मोबाइल एकच, अन् तुझा फोन आला की तुझे अण्णा टीव्हीचा आवाज बंद करून पाठमोरे बसतात. बोलायचं तर न्हाई, पण कान सगळे इकडं! म्हणून ही चिठ्ठी कुरडयांच्या डब्यात घालून गावातल्या भारतच्या जीपनं तुझ्याकडं जालन्याला पाठवून राह्यले.

बाळंतपणाचा विषय काढायचा न्हाई अशी तू मला शपथ घातलीस. ती मी बराबर पाळते. कुरडयांचंच सांगते.

यंदा कुरडया दोनदा कराव्या लागल्या. पहिल्या खेपेचा चीक असा पडला होता म्हणून सांगू, पांढराशुभ्र! बाजेवर साडी अंथरून अंगणात वाळत घातल्या अन् मी म्हशीकडं गेले. तेवढ्यात ह्यांनी काय करावं? जालन्याहून सिमेंटचे बोर्ड आणले होते, न्हाणी करायला. माजघराला लागून, घरातल्या घरात. "तुझे गुडघे दुखतात ना, म्हणून," म्हणाले. लग्नाला इतकी वर्षं झाली, माझे गुडघे ह्यांना आत्ता दिसले! तर ते बोर्ड बाजेशेजारीच मांडले अन् लावला कापायचा ग्राइंडर. मी आले तर अंगणात धुरळाच धुरळा, अन् मधी आमचे हे, भुवयांपासून मिशांपर्यंत पांढरे, गिरणीतल्या उंदरागत.

धूळ पांढरी, कुरडया पांढऱ्या, कळतंय कुणाला? संध्याकाळी दोन तळल्या. ह्यांनी एक तोंडात टाकली अन् दाताखाली कर्रकन वाजली. तर मलाच म्हणतात, "गहू निवडला नव्हता का?" तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या! सगळ्या कुरडया उकिरड्यावर, अन् खापर माझ्या गव्हावर!

वर खोकला लागला तो वेगळाच. मी म्हटलं, मास्क लावा. आणून दिला तर खुंटीला टांगला. "मी काय ऑपरेशन करून राह्यलो का?" पालथ्या घड्यावर पाणी, दुसरं काय.

मंग शेजारच्या मैमूनाभाभींचा जीशान आल्ता. जालन्यात हीच कामं करतो तो. बघितलं अन् म्हणाला, "काका, हे बोर्ड ग्राइंडरनं असे सुके कापू नका. ही धूळ लई बारीक, छातीत बसली की निघत न्हाई."

"माझ्या छातीला काय होतंय? जल्मभर रानातला धुरळाच खाल्ला."

"तुमचं सोडा. घरात फटीफटीत जाऊन बसते ती. उद्या घरात लहान लेकरू आलं तर?"

अर्पिता, ग्राइंडर जागच्या जागी बंद. मला वाटलं, लाइटच गेली.

दुसऱ्या दिवशी सगळे बोर्ड मळ्यात लिंबाखाली नेले. आता लोखंडी पट्टी धरून पात्यानं रेघ मारतात, त्याच रेघेवर पुन्हा पुन्हा, चांगली खोल. मंग फळीच्या कडेवर धरून दाबलं की बोर्ड कट्टकन तुटतो, धूळ नावाला. नळाच्या भोकापुरतं ड्रिल, तेही वाऱ्याकडं पाठ करून. नाकावर मास्क घट्ट, डोळ्याला चष्मा. कामाचे कपडे बाहेरच उतरवायचे, मंग घरात. केरसुणी बिलकुल बंद, सगळं ओल्या फडक्यानं पुसायचं. परवा मी चुकून केरसुणी उचलली तर केवढ्यानं ओरडले, "बाळंतिणीच्या खोलीत धूळ उडवतीस?"

बोलले अन् जीभ चावली. मला हसूही आलं अन् रडूही. म्हणजे माझे गुडघे राहिले बाजूलाच!

संक्रांतीला तू म्हणालीस, न्हाणी तिकडं अंगणाच्या टोकाला, आठव्या-नवव्या महिन्यात मी कशी जाऊ, सासरीच बाळंत होते. अन् ते फटकन बोलले, "मंग ऱ्हा तिकडंच." तेव्हापासून तुम्हा बापलेकीची बोलचाल बंद. ते हट्टी, तू त्यांच्याहून हट्टी. खाण तशी माती. मला तुम्हा दोघांचाही राग येतो, अन् दोघांवाचून करमतही न्हाई. पहिलं बाळंतपण माहेरी करायची आपली रीत हाये, पण मी काही म्हणत न्हाई. शपथ हाये ना.

खोकल्याची काळजी करू नको. अंबडला डॉक्टरकडं नेलं, छाती साफ हाये म्हणाले. भिंती उभ्या राहिल्या, टाइल्स बसल्या, नळालाही पाणी आलं. एकच राहिलंय. उठता-बसता धरायला स्टीलची दांडी आणलीय. मी म्हटलं, बसवा की जल्दी. तर माझा हात भिंतीवर इथं ठेवून बघितला, तिथं ठेवून बघितला, अन् म्हणाले, "तुझा काही उपयोग न्हाई. ती उंच हाये. तिनं येऊन हात ठेवल्याशिवाय मी भोक पाडणार न्हाई."

भारतची जीप शनिवारी जालन्याहून परत निघते. पुढची सीट मी रिकामी ठेवायला सांगितलीय.

ड्रिल हातात घेऊन खोळंबलेल्या माणसाची बायको,
अन् तुझी आई
उषा