‘रान’ एकट्याचं की सगळ्यांचं

१७ नोव्हेंबर १९८६
पद्मानं आजही डबा उघडला नाही. जेवायच्या सुटीत सगळे कँटीनला, ही टर्मिनलसमोर. मागे जाऊन उभी राहिले तरी हिला पत्ता नाही. शेवटी म्हटलं, "काय वं, पगारपत्रकात एवढं काय रंगून राहिली?" दचकली. पगारपत्रक नव्हतंच ते. इंग्रजी अक्षरांत मराठी वाक्यं. समोर नदी आहे. पलीकडे बांबू. उजवीकडे पायवाट. काय करतोस?

खेळ आहे म्हणे. तिनं स्वतः लिहिलेला. नाव ‘रान’.

एम.एस्सी. झालेली पोरगी, आमच्या कॉलेजच्या संगणक केंद्रात तात्पुरत्या जागेवर, मी तिची सीनियर. रागवायला पाहिजे होतं. मी खुर्ची ओढली अन विचारलं, "पलीकडे जायचं कसं?"

१८ नोव्हें.
आधी विचारतं, तू कोण? गुराखी, वैदू, मध काढणारी, शिकारी, की कोणीच नाही. मी मध काढणारी झाले. त्यानंतर अमुक कर, तमुक कर असं कोणी सांगत नाही. वाटेल तिकडे जा. भूक लागते, पाणी आटतं, दिवस मावळतो. राजकन्या नाही, खजिना नाही.

"संपतो कधी?"
"संपत नाही ताई. रान कुठी संपते?"
"अन जिंकायचं काय?"
"काहीच नाही."

घरी यांना सांगितलं. यांचं रविवारचं ब्रिज. म्हणाले, जिंकायचं नाही तर खेळ कसला, शोभा? पोळी लाटताना डोक्यात पायवाटच.

२६ नोव्हें.
पद्माची आई आली आहे, काटोलकडून. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, एका डोळ्यावर पट्टी. खोलीवर एकटी कशी ठेवायची म्हणून पद्मा सोबत आणते. मशीनसाठी एसी, मावशी दोन शाली पांघरून बसतात. "बाई, इथं तं पूस लागला," म्हणे. पौषातली थंडी.

सुटीत पद्मा आईला रान वाचून दाखवत होती. मावशी दुसरा डोळाही मिटून ऐकत होत्या. मधेच म्हणाल्या, "अन बाकीचे कुठी गेले?"
"कोन बाकीचे?"
"रानात तू एकलीच काय? लाकडं आनाले कोनी नाही, ढोरं घेऊन कोनी नाही?"
"नाही वं आई. एकट्याचाच खेळ हाये हा."
"मंग मले नोको. भेव लागते."

आम्ही दोघी हसलो. पण नंतर दुपारी पद्माचं प्रिंटरचा कागद संपला तरी लक्ष नाही. दोनदा हाक मारली.

९ डिसें.
मावशी गावी गेल्या. पद्मा रान मोडून बसली आहे. आतापर्यंत ज्याचं त्याचं रान वेगळं होतं. मी माझ्या रानात, ती तिच्या. आता सगळ्यांचं मिळून एकच करते आहे. मी पोळं काढलं तर पद्माला तिथं रिकामी फांदी दिसायला हवी.

अडली ते इथं, की दोघींनी एकाच क्षणी तेच पोळं काढलं तर? मशीन दोघींना देऊन टाकत होतं. एकाच पोळ्याचा मध दोघींकडे! वैतागली होती. आज आली ती हसतच. "प्रत्येक पोळ्यापाशी पाटी लावली ताई. एकीचा हात असला का दुसरीनं थांबाचं."

एवढंसं वाक्य. कुठल्या पुस्तकात पाहून केलं नाही, विचारायला इथं कोणी नाही. मी इतकी वर्षं या मशीनवर काम करते, मला हे सुचलं नसतं. हेवा वाटला का? थोडा. कौतुक जास्त.

१९ डिसें.
आज रानात कोणीतरी भेटलं!

नदीवर पाणी प्यायला गेले. ओळ आली, नदीकाठी कोणी बसलं आहे. खोलीत एकाच मशीनला जोडलेली सहा टर्मिनल, कोण कुठे बसलं आहे ते मान वळवली असती तर दिसलं असतं. वळवली नाही. लिहिलं, कोण तुम्ही? मग, वैद हूँ. आपके पैर में क्या हुआ?

(माझ्या पायाला काटा लागला होता. रानात. दोन दिवसांपासून नीट चालता येत नव्हतं.)

त्यांनी पाला दिला. मी मध दिला. पाय बरा.

चहाच्या वेळी ग्रंथपाल तिवारीजी जवळ आले. इतक्या वर्षांत नमस्ते अन पुस्तक परत करा, याच्या पलीकडे हा माणूस माझ्याशी बोललेला नाही. घसा साफ करून म्हणाले, "बहनजी, शहद बढ़िया था." अन निघून गेले.

पद्मा खांबाआड उभी राहून ऐकत होती. तिचं तोंड पाहण्यासारखं झालं होतं.

८ जाने. ८७
सुटीत सहाही टर्मिनल भरलेली. सिव्हिल इंजिनिअरिंगचे दोन लेक्चरर गुराखी झाले आहेत, एकमेकांची ढोरं चोरतात. ऑफिसच्या कमलताईंनी नदीपलीकडे झोपडी बांधली अन येणाऱ्या-जाणाऱ्याला कण्या शिजवून घालतात. पद्मानं झोपडी लिहिलीच नव्हती! बांबू तोडणं होतं, बांधणं होतं. बाकीचं कमलताईंनी केलं. पद्मा म्हणते, "मी रान लिहिलं ताई, गाव यायनंच बसवलं."

सिव्हिलवाल्यांचं म्हणणं, पहिलं एकट्याचं बरं होतं, मेहनत आपली राहायची. कमलताई म्हणतात, एकटीनं कण्या कोणासाठी शिजवायच्या? यावर रोज वाद. पद्मा मधे बोलत नाही, नुसती ऐकते.

मला विचारलं तर? माहीत नाही. कधी कधी त्या गर्दीत पाऊलवाट बुजून गेल्यासारखी वाटते.

१२ फेब्रु.
जे व्हायचं ते झालं. निकालाचं काम चालू असताना मशीन मंद पडलं. रानात पाच जण होते. विभागप्रमुख डी. सर स्वतः आले. आवाज चढवत नाहीत, त्याचीच भीती. "हे काय आहे?"
पद्मा उठली. "माझं आहे सर."
"पुसून टाका."
"टाकते सर. एकदा आत येऊन पाहा, मग पुसते."

मला वाटलं, गेली हिची नोकरी. तात्पुरती जागा, एका सहीचं काम. सर घड्याळ पाहत टर्मिनलसमोर बसले. कोणीच नाही, हे निवडलं. (अगदी सर!) पाच मिनिटांत वाट चुकले. पद्मानं रानात धुकं ठेवलं आहे, त्यात सापडले. पूर्व लिहा, पश्चिम लिहा, परत तिथंच. सरांचे कान लाल.

मग ओळ आली, लांब कुठेतरी जाळ दिसतो. सर जाळाकडे गेले. थोडं पुढे आणखी एक. असे जाळ धरत धरत नदीवर आले.
"चांगलं केलंय," सर म्हणाले. "माणूस चुकला की मशीन जाळ दाखवतं."
"मशीननं नाही दाखवला सर."
"मग?"
पद्मानं खोलीच्या दुसऱ्या टोकाला बोट दाखवलं. तिवारीजी शेवटच्या टर्मिनलवर, पाठ करून, पाठ ताठ.

सरांनी त्या पाठीकडे पाहिलं. उठले. "जिंकतं कोण यात?"
"कोणीच नाही सर."
"हं. कामाच्या वेळात नको."

गेले. पुसायचं नावच नाही! पद्मा खुर्चीत बसली. पाणी दिलं. मी अशी बोलू शकले असते का सरांसमोर? नाही. आजही नाही.

१६ एप्रिल
ऊन भाजून काढतं आहे. खोकी आली. नवे पी.सी. जुनं मशीन काढणार, त्याचे सुटे भाग मिळत नाहीत. डी. सर खुशीत. "आता ज्याचं त्याचं स्वतंत्र. कोणामुळे कोणाचं काम अडणार नाही."

पद्मानं विचारलं, "हे एकमेकांना जोडता येतात सर?"
"येतील. पुढे केव्हातरी."

ती खोक्यातला थर्माकोल कुरतडत उभी होती. मला उशिरा कळलं. एकेकट्या मशीनवर सगळ्यांचं रान राहणारच नाही.

२८ एप्रिल
मुंबईच्या एका कंपनीचे गृहस्थ नवी यंत्रं बसवायला आलेत. सरांनीच त्यांना रान दाखवलं. (सरांनी!) ते तासभर उठले नाहीत. म्हणाले, असं आपल्याकडे कोणी केलेलं पाहिलं नाही. पद्मानं मुंबईला यावं, पक्की नोकरी, हेच काम. अट एक. एकट्यासाठी करून द्यायचं. "लोकांच्या घरी एकच मशीन असणार. बाकीचे खेळाडू आणणार कुठून?"
"मग बाकीचे?"
"बाकीचे मशीनच होईल. वैदू, गुराखी, सगळे. तुम्ही लिहा ना, तुम्हाला येईल."

तिला येईल. तेच तर वाईट.

सर म्हणतात जा. तिवारीजी म्हणतात, जाइए बेटी, यहाँ क्या रखा है. तिची इथली जागा जूनअखेर संपते. पद्मानं मला विचारलं नाही.

९ मे
जुन्या मशीनचा शेवटचा दिवस. कोणी ठरवलं नव्हतं, पण दुपारी सगळे आले. टर्मिनल सहा, माणसं जास्त. एकेका खुर्चीत दोघं. कमलताईंनी सगळ्यांना झोपडीत बोलावलं. सिव्हिलवाल्यांनी ढोरं परत केली. डी. सर दारात उभे होते, आत आले नाहीत. पण कमलताईंना म्हणाले, झोपडीत माझंही नाव लिहा. त्यांनी विचारलं, काय लिहू? कोणीच नाही, असंच लिहा.

पद्मा कुठल्याच टर्मिनलवर बसली नाही. प्रत्येकाच्या मागे जाऊन वाचत होती. लग्नघरी पंगतीत कोणाला काय कमी आहे ते पाहत फिरतात, तशी.

नंतर रान टेपवर उतरवून घेतलं अन मशीन बंद केलं. मशीनच्या आतले पंखे थांबले. त्या खोलीत पंखे चालू होते हे मला आज कळलं.

२ जून
पद्मा पी.सी.वर एकट्याचं रान लिहून राहिली आहे. मुंबईला हो म्हटलं नाही, नाही पण म्हटलं नाही. "आधी करून पाहते ताई. वाईट झालं तं देनारच नाही कोनाले." वाळली आहे. डबा मी आणते, समोर बसून खायला लावते.

१२ जून
झालं. कंपनीला सोमवारी उत्तर द्यायचं आहे. आज म्हणाली, "तुमी एकट्या बसा. मी बाहेर जातो. खरं खरं सांगजा. तुमाले आवडलं नाही तं मी नाही जात मुंबईले."
"माझ्यावर काहून टाकते वं?"
"तुमी खोटं बोलत नाही म्हनून."

बसले. दार ओढून घेतलं.

नदीवर वैदू होता. आपके पैर में क्या हुआ? पायाला काहीच झालेलं नव्हतं. तसं लिहिलं. पुन्हा तेच, आपके पैर में क्या हुआ? गलबलून आलं. पद्मानं किती जपून घातलेत तिवारीजी आत, अन तरी ते नाहीत. झोपडी होती, कण्या होत्या. कमलताई आग्रह करत नव्हत्या. मनात म्हटलं, झालं, सांगून टाकू हिला, नको जाऊ.

मग उठायच्या आधी म्हटलं, जरा पुढे जाऊन पाहू. नदी ओलांडली. बांबू संपले. पद्मानं पलीकडे नवीन टेकड्या लिहिल्या आहेत, आधी नव्हत्या. माळ. वारा. एक तळं, त्यात काही करता येत नाही, नुसतं बसता येतं. बसले. कोणी आलं नाही. कोणी विचारलं नाही. घरी सासूबाईंचं पथ्य, मुलांच्या परीक्षा, यांचे पाहुणे, इथं सगळ्यांच्या हाका. इतक्या वर्षांत अशी एका जागी, कोणाच्या हाकेला ओ न देता, मी कधी बसले होते? आठवेना. पुढे गेले. आणखी पुढे. दारावर टकटक झाली तेव्हा राग आला. पद्माचा!

दारातून तिनं डोकं आत घातलं. "कसं वाटलं ताई?"

तिला ऐकायचं काय होतं ते चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. बाकीच्यांशिवाय रान ओकंबोकं आहे, हे. अन ते खरंच आहे. वैदूपाशी मला रडू आलं ते खोटं नव्हतं. पण त्या तळ्यावरून मला उठायचं नव्हतं, हेही खोटं नाही. दोन्ही तिनंच लिहिलेलं.

एक सांगितलं तर ती इथं राहील अन जूननंतर बेकार. दुसरं सांगितलं तर मुंबईला जाईल, अन मनातून मला कधी माफ करणार नाही. की करेल?

म्हटलं, "अजून पाहून झालं नाही. उद्या सांगते."

"एवढा वेळ बसून?" ती म्हणाली. माझ्याकडे पाहिलं. मग पडद्याकडे, तळ्याच्याही पुढे मी कुठवर गेले होते तिकडे. माझं अर्धं उत्तर तिनं तिथंच वाचलं.