ढोल थांबतो ती जागा

आबा, काल गंगाखेडच्या सिनेमाच्या तंबूत माझं गाणं लागलं. तुम्ही वारलात तेव्हा आपल्याकडं अजून निजामाचा हाली सिक्का चालायचा, आणि मी हैदराबादचं कॉलेज अर्ध्यावर टाकून घरी बसलो होतो. शेजारच्या गावातल्या तिचं लग्न ठरल्याचं कळलं म्हणून परीक्षा सोडून गाडीत बसलो, आणि पोचेपर्यंत ती सोनपेठची सून झाली होती. तुम्ही ओरडला नाहीत. "आता मेंढरामागं चल. ती तरी तुला सोडून जायची न्हाईत," एवढंच म्हणालात. मी ताट सरकवून उठलो.

तुमचा खरा राग मला आठवतो तो पोखर्णीच्या जत्रेतला. मी तुमच्या शेजारी ढोल वाजवतोय, समोर बायांच्या घोळक्यात ती उभी आहे. गाणं चढलं की ढोल क्षणभर थांबतो आणि जमलेली माणसं 'चांगभलं' म्हणून ती जागा भरतात, ही आपली रीत. तिला दाखवायला म्हणून मी त्या जागेतही काठी चालवली. भर गर्दीत तुम्ही ती माझ्या हातातून काढून घेतलीत. "तेवढी जागा लोकांची हाय. तुझा हात तिथं काय करायलाय?" ती पदराआड हसली.

तुमच्यामागं मुंबई गाठली. एका मोठ्या संगीतकाराची पेटी उचलली, मग त्याच्या वादकांची तालीम घेतली, मग त्याच्याशी भांडलो. माझं डोकं तुम्हाला माहीतच आहे. शेवटी स्वतःचा पहिला हिंदी सिनेमा मिळाला. त्यातल्या जत्रेच्या गाण्यात मी ढोल आपल्यासारखाच थांबवला. निर्माता म्हणाला, "यहाँ सितार भर दो, लोग समझेंगे रेकॉर्ड टूट गया." मी म्हणालो, सतार भरायची तर माझं नाव काढा. तो नाव काढायलाही तयार होता, पण स्टुडिओची वेळ संपत आली आणि गाणं तसंच मुद्रित झालं. ते गाजलं. आता कलकत्त्यापर्यंत रेडिओवर वाजतं. पण मुंबईच्या थिएटरात त्या जागेशी सगळे गप्प बसतात, एका पेपरानं तर ती चूकच ठरवली. मीही मनात कचरायला लागलो होतो, की आपल्या हट्टापायी चांगलं गाणं मोडलं की काय.

काल तंबूत पुरुष जमिनीवर, मधल्या कापडी कनातीपलीकडं बाया. ढोल चढला, चढला आणि थांबला. आणि अख्खा तंबू 'चांगभलं' म्हणून उठला, आबा, कनातीपलीकडूनसुद्धा. माझ्या पुढचा म्हातारा शेजाऱ्याला म्हणतो, "ह्यो आपल्यातलाच कुणीतरी हाय, येड्या. मुंबईवाल्याला असं थांबता येतंय व्हय?" लोकांनी ऑपरेटरला तेच रीळ पुन्हा पुन्हा लावायला लावलं. त्यांच्याबरोबर मीही ओरडलो. माझा घसा अजून बसलेला आहे. लय भारी वाटलं.

आई विचारायलीय, एवढं काय लिहायलास. नवीन चाल, म्हणालो. तिला हे वाचून दाखवणार नाही, कारण एक गोष्ट तिलाही सांगितलेली नाही. मी गंगाखेडला गाण्यासाठी आलोच नव्हतो. सोनपेठहून ती येईल, कनातीच्या फटीतून एकदा दिसेल, म्हणून आलो होतो. ती आली होती का, मला सांगता येणार नाही. लोकांनी हाक दिली आणि मी बघायचंच विसरलो.